अपघात झाला, आता क्लेमचं काय? नेहमी विचारले जाणारे प्रश्न आणि लोकांच्या डोक्यातले गैरसमज

आमचे दाजी सुतारकाम करतात. २०१८ च्या पावसाळ्यात कराडजवळ हायवेवर त्यांच्या बाईकला मागून टेम्पोने ठोकलं. जीव वाचला, पण उजव्या हाताची पकड गेली ती गेलीच. पुढची पाच वर्षं त्यांच्यासोबत कोर्टाच्या तारखांना मीच जायचो, त्यामुळे आता ओळखीपाळखीत कुणाचा अपघात झाला की फोन मला येतो, प्रश्न तेच तेच असतात आणि गैरसमज पण तेच तेच, म्हणून एकदा नीट लिहून ठेवतोय. मी वकील नाही, तुमच्या केससाठी वकिलाला भेटायचंच आहे. पण वकिलाकडे जायच्या आधीच्या पंधरा दिवसांत लोक जे घालवून बसतात ते वाचावं म्हणून हे सगळं. कायदा केंद्राचा आहे, मोटार वाहन कायदा १९८८, त्यामुळे महाराष्ट्र काय गोवा काय, मुद्दे तेच.

क्लेम केला म्हणजे त्या गरीब ड्रायव्हरला लुटल्यासारखं नाही का होत?

हा प्रश्न पहिला घेतला कारण दाजी यावरच दोन महिने अडून बसले होते. टेम्पोचा ड्रायव्हर बावीस-तेवीस वर्षांचा पोरगा, तिसऱ्या दिवशी दोन शहाळी घेऊन हॉस्पिटलात आला आणि वॉर्डच्या दारातच रडायला लागला. दाजी म्हणाले, त्याच्या मागे लागायचं नाही, त्याला पण घर आहे.

आता नीट समजून घ्या. रस्त्यावर गाडी आणायची तर थर्ड पार्टी विमा काढावाच लागतो, कायद्याने सक्तीच आहे, आणि तो विमा असतोच मुळी गाडीमुळे दुसऱ्या कुणाचं नुकसान झालं तर ते भरून द्यायला. गाडीमालक दरवर्षी प्रीमियम भरतो तो याचसाठी. त्यामुळे पॉलिसी चालू असेल, लायसन्स-परमिट ठीक असेल तर पैसे विमा कंपनी देते. दाजींच्या केसमध्ये त्या पोराच्या खिशातून एक रुपया गेला नाही. क्लेम मागणं म्हणजे भीक पण नाही आणि सूड पण नाही, तुमचं जे गेलंय त्याची भरपाई आहे आणि तो तुमचा हक्क आहे. हे घरातल्या मोठ्या माणसांना शांतपणे समजावून सांगा, कारण संकोचात वेळ जातो आणि वेळेसोबत पुरावा जातो.

पोलीस स्टेशनात "माझी कुणाविरुद्ध तक्रार नाही" असं लिहून दिलंय. संपलं का सगळं?

संपलं असं नाही, पण पुढे त्रास होतो. हे लिहून घेतात कधी, तर माणूस सलाईनवर असताना, नाहीतर नातेवाईक आधीच घाबरलेले असताना. समोरचा पाच-दहा हजार हातावर ठेवतो, गाडी सोडवायची घाई असते, आणि आपल्याला वाटतं आता कशाला भांडण. मग क्लेमच्या वेळी कंपनीचा वकील उलटतपासणीत तोच कागद समोर धरतो. म्हणून माझं एकच सांगणं, अपघातानंतर पहिल्या काही दिवसांत कशावरही सही करू नका, कोऱ्या कागदावर तर अजिबात नाही, आणि जबाब वाचून मगच सही करा, गाडीचा नंबर आणि गाडी कुठल्या बाजूने आली ते बरोबर लिहिलंय का बघा. एफआयआर दोन-चार दिवस उशिरा झाली, कारण माणूस आयसीयूत होता, तर तेवढ्यावरून दावा खोटा ठरत नाही, उशिराचं कारण मात्र सांगता आलं पाहिजे.

ड्रायव्हर फौजदारी केसमधून सुटला तर क्लेम पण बुडाला?

नाही. दोन्ही वेगळ्या गोष्टी आहेत. फौजदारीत गुन्हा संशयापलीकडे सिद्ध करावा लागतो, मोटार अपघात न्यायाधिकरणात (क्लेम चालतो ते कोर्ट) मात्र कुणाचं म्हणणं जास्त शक्य वाटतंय एवढं बघतात.

किती दिवसांत दावा टाकायचा? कुणी म्हणतं कधीही चालतो, कुणी म्हणतं सहा महिने.

दोघांचं ऐकून लोक गोंधळतात. १९९४ च्या दुरुस्तीनंतर बरीच वर्षं मुदत नव्हतीच, त्यामुळे जुनी जाणती माणसं "कधीही टाका" म्हणतात ते त्या काळचं. २०१९ ला कायदा बदलला आणि तो बदल १ एप्रिल २०२२ पासून लागू झाला, त्यात अपघाताच्या तारखेपासून सहा महिने ठेवलेत. या सहा महिन्यांच्या अटीला सुप्रीम कोर्टात आव्हान दिलेलं आहे आणि तो निकाल होईपर्यंत नुसत्या उशिरावरून दावे फेटाळू नका असा अंतरिम आदेश नोव्हेंबर २०२५ मध्ये कोर्टाने दिला, पण अंतरिम म्हणजे अंतरिम. सहा महिने हीच मुदत आहे असं धरून चाला. प्लास्टर निघायची, दुसरं ऑपरेशन व्हायची वाट बघत बसू नका, दावा आधी दाखल होतो, उपचारांची पुढची बिलं नंतर जोडता येतात.

अजून एक, पोलिसांनी अपघाताचा पहिला रिपोर्ट ४८ तासांत आणि सविस्तर रिपोर्ट ९० दिवसांत न्यायाधिकरणाकडे पाठवायचा असा नियम आहे आणि त्या रिपोर्टलाच अर्ज म्हणून धरता येतं. नियम चांगला आहे, पण पोलीस पाठवतील म्हणून स्वस्थ बसलेली माणसं मी बघितलीत, तुम्ही तुमचा अर्ज टाकाच.

अपघात एक्सप्रेसवेवर झाला, आम्ही राहतो लातूरला. दर तारखेला तिकडे जायचं का?

गरज नाही. अपघात झाला तिथे, तुम्ही राहता किंवा धंदा करता तिथे, किंवा समोरची पार्टी राहते तिथे, यापैकी कुठेही दावा टाकता येतो. लातूरला राहता तर लातूरला टाका.

हेल्मेट नव्हतं, ट्रिपल सीट होतो. आता काय तोंडाने मागणार?

मागायचं. नियम मोडला त्याचा दंड वेगळा, आणि त्या नियम मोडण्यामुळेच अपघात झाला का किंवा इजा वाढली का हा प्रश्न वेगळा. २०२० मध्ये सुप्रीम कोर्टापुढे असंच प्रकरण होतं, बाईकवर तिघं, मागून कारने ठोकलं, हायकोर्टाने ट्रिपल सीट म्हणून १० टक्के कापले होते, सुप्रीम कोर्टाने ती कपात काढून टाकली कारण मागून ठोकलेल्या अपघाताशी तिघं बसण्याचा संबंधच दाखवला गेला नव्हता. हेल्मेटचं म्हणाल तर डोक्याला मार असेल तर कंपनी मुद्दा काढणारच आणि थोडी कपात होऊ शकते, पण पाय मोडलाय आणि हेल्मेट नव्हतं म्हणून पैसे कापायचे याला काही अर्थ नाही. तुमची चूक खरंच असेल तरी पूर्ण दावा जात नाही, जेवढी चूक तेवढे टक्के कमी होतात. पण म्हणून हेल्मेट होतं असं खोटं सांगू नका. एक खोटं पकडलं गेलं की बाकीच्या खऱ्यावरचा पण विश्वास जातो.

सर्टिफिकेटवर ३५ टक्के अपंगत्व आहे, म्हणजे ३५ टक्केच धरणार ना?

हा सगळ्यात महाग पडणारा गैरसमज आहे, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

सिव्हिल हॉस्पिटलच्या सर्टिफिकेटवरचे टक्के शरीराचे असतात. कोर्टाला बघायचं असतं की त्यामुळे कमाई किती गेली. २०१० च्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालात सुप्रीम कोर्टाने हे अगदी सोपं करून सांगितलंय, डावा हात तुटला तर शरीराचं अपंगत्व ६० टक्क्यांच्या आसपास लिहिलं जाईल, पण तो माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळपास शंभर टक्के गेली, आणि तोच माणूस सरकारी क्लार्क असेल तर नोकरी कदाचित तशीच राहील. म्हणजे इजा तीच, पण आकडा कामाप्रमाणे बदलतो.

दाजींच्या सर्टिफिकेटवर ३५ होते. आमच्या वकिलांनी त्यांना साक्षीला येताना रंधा आणायला सांगितलं. मला तेव्हा काही कळलं नाही. दाजींनी पिंजऱ्यात उभं राहून तो रंधा उजव्या हातात धरायचा प्रयत्न केला, अंगठा बोटांपर्यंत पोचेचना, रंधा तिरका झाला आणि निसटायच्या आत डाव्या हाताने त्यांनी तो पकडला. वीस वर्षं वापरलेली वस्तू, मुठीच्या जागी लाकूड झिजून गुळगुळीत झालेलं. साहेबांनी मान वर करून बघितलं आणि स्टेनोला काहीतरी सांगितलं. निकालात कमाईचं नुकसान ६० टक्के धरलं होतं.

या फरकाचे पैसे किती होतात ते एका उदाहरणाने बघा. वय ३४, महिन्याची कमाई १८,०००, स्वतःचा धंदा. चाळिशीच्या आतल्या स्वतःचा धंदा करणाऱ्याला पुढे कमाई वाढली असती म्हणून ४० टक्के वाढवून धरतात (२०१७ चा प्रणय सेठी निकाल), म्हणजे २५,२००. वर्षाचे झाले ३,०२,४००. मग वयाप्रमाणे गुणक असतो, २००९ च्या सरला वर्मा निकालातल्या तक्त्यात ३१ ते ३५ वयाला १६ आहे. गुणाकार केला की ४८,३८,४००. आता याचे ३५ टक्के म्हणजे १६,९३,४४० आणि ६० टक्के म्हणजे २९,०३,०४०. बारा लाखांचा फरक पडतो, तो पण फक्त तुमचं काम नक्की काय आणि ते हाताने कसं करता हे कोर्टाला दाखवलं की नाही यावर. म्हणून वकिलाला नुसतं "सुतार", "शेतकरी", "टेलर" असं सांगून थांबू नका. सोबत काम करणाऱ्या माणसाला साक्षीला आणा, आणि सर्टिफिकेट देणारे डॉक्टर साक्षीला यावेत यासाठी वकिलाच्या मागे लागा, नाहीतर कंपनी त्या कागदावरच शंका घेते.

पगाराची स्लिप नाही, रिटर्न भरलेलं नाही. आई तर घरीच असते. मग काय मिळणार?

स्लिप नाही म्हणून कमाई शून्य असं कोर्ट धरत नाही. बँकेचं पासबुक, गिऱ्हाईकाची वही, ऊस कारखान्याला घातल्याच्या पावत्या, मालकाची साक्ष, जे असेल ते द्या. काहीच नसेल तर किमान वेतनाचा आधार घेतात.

आणि आई "घरीच असते" हे वाक्य अर्जात कृपया लिहू नका. ती पहाटेपासून रात्रीपर्यंत जे करते त्यासाठी बाहेरची माणसं ठेवली तर किती द्यावे लागतील याचा विचार करा. गृहिणीच्या कामाची किंमत धरलीच पाहिजे आणि त्यात पुढची वाढ पण मिळू शकते असं सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०२१ मध्ये स्पष्ट सांगितलंय. किती बायकांचे दावे घरचेच लोक "तिची कुठे कमाई होती" म्हणून टाकत नाहीत, याचं मला फार वाईट वाटतं.

कुठली कागदं जपायची?

सगळी. एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, पोलीस देतात तो कॉम्प एए फॉर्म (अपघात, गाडी आणि विमा यांची माहिती असलेला), समोरच्या गाडीचं आरसी, लायसन्स आणि पॉलिसी, हॉस्पिटलचं डिस्चार्ज कार्ड, एक्स-रेच्या फिल्म, प्रत्येक बिल.

बिलांचं एक सांगतो. ताईने मेडिकलची सगळी बिलं एका कॅरीबॅगमध्ये घालून कपाटावर ठेवली होती. दीड वर्षाने काढली तर निम्मी कोरी. मशीनमधून निघतात ते गुळगुळीत कागद, त्यावरची अक्षरं उन्हाने आणि उष्णतेने उडून जातात. मेडिकलवाल्याने जुन्या नोंदी काढून काही बिलं परत दिली, काही नाहीच मिळाली. म्हणून बिल हातात आलं की त्याच दिवशी मोबाइलवर फोटो आणि एक झेरॉक्स. उलट रिक्षाच्या खर्चाला पावती नसते म्हणून आम्ही ते सोडूनच दिलं होतं, पण ताई दवाखान्यात गेली की भिंतीवरच्या कॅलेंडरवर त्या तारखेच्या चौकोनात रिक्षाचे पैसे लिहायची, तिची सवयच ती, आणि ती पानं कोर्टाने बघितली आणि प्रवासखर्च म्हणून काही रक्कम दिली.

मेडिक्लेमने बिल भरलं, एलआयसीचे पैसे पण आले. मग कोर्ट तेवढे कापणार ना?

नाही. आयुष्याच्या विम्याचं तर १९९८ पासून ठरलेलं आहे, ते प्रकरण आपल्या एसटी महामंडळाविरुद्धचंच होतं. मेडिक्लेमवर मतभेद होते, पण मार्च २०२५ मध्ये मुंबई हायकोर्टाच्या तीन न्यायाधीशांच्या बेंचने सांगितलं की मेडिक्लेमचे पैसे वैद्यकीय खर्चाच्या भरपाईतून वजा करायचे नाहीत, कारण तो प्रीमियम तुम्ही स्वतः भरलाय.

हातात पैसाच नाही, उपचार कसे करायचे? क्लेम तर वर्षांनी मिळणार.

रस्ते अपघातातल्या जखमींसाठी केंद्राची कॅशलेस योजना ५ मे २०२५ पासून आहे, अपघातापासून सात दिवस, माणशी दीड लाखांपर्यंत, नेमलेल्या हॉस्पिटलमध्ये. तिथे पोचल्यावर "कॅशलेस अपघात योजना" असं स्पष्ट विचारा, विचारल्याशिवाय कुणी सांगेलच असं नाही. आणि जखमीला उचलून नेणाऱ्याने घाबरू नये, मदत करणाऱ्याला कायद्याने संरक्षण आहे, स्वतःचं नाव सांगायची सुद्धा सक्ती नाही.

ठोकून गाडी पळून गेली, नंबर कुणी बघितला नाही.

हिट अँड रनची वेगळी योजना आहे. मृत्यूला २ लाख, गंभीर दुखापतीला ५०,००० (१ एप्रिल २०२२ च्या आधी हेच आकडे २५,००० आणि १२,५०० होते). अर्ज कोर्टात नाही, प्रांत किंवा तहसीलदार ऑफिसात करायचा. रक्कम कमीच आहे हे मान्य, पण ती पण पुष्कळ लोक मागत नाहीत कारण त्यांना माहीतच नसतं. त्याआधी मात्र टोलनाका, पेट्रोल पंप, ढाबा यांचं सीसीटीव्ही पोलिसांना लगेच मागवायला सांगा, ते रेकॉर्डिंग थोड्याच दिवसांत पुसलं जातं.

समोरच्याकडे लायसन्स नव्हतं / विमा संपलेला होता / गाडी दुसऱ्याला विकलेली होती.

लायसन्स नसेल तर बऱ्याचदा कोर्ट कंपनीला सांगतं आधी जखमीला पैसे द्या आणि नंतर मालकाकडून वसूल करा. विमाच नसेल तर मालकाच्या अंगावर येतं आणि वसुली कठीण जाते. गाडी विकली पण आरसीवर नाव जुनंच, तर कायद्याच्या दृष्टीने मालक तोच. त्यामुळे जुनी बाईक विकलेल्या प्रत्येकाने आजच ट्रान्सफर झालंय का ते बघावं.

माझीच गाडी घसरली, कुणी ठोकलं नाही. थर्ड पार्टी आहे ना?

थर्ड पार्टी म्हणजे तिसरा माणूस, तुम्ही स्वतः नाही. मालक-ड्रायव्हरसाठी १५ लाखांचं पर्सनल अॅक्सिडेंट कव्हर वेगळं असतं, पॉलिसीवर ती ओळ आहे का बघा. मागे बसलेल्याचं पण तसंच, नुसती थर्ड पार्टी पॉलिसी असेल तर स्वतःच्याच बाईकवर मागे बसलेल्या बायकोला त्यातून मिळत नाही, पॅकेज पॉलिसीत (थर्ड पार्टीसोबत स्वतःच्या गाडीचं नुकसान पण धरणारी) मिळतं.

कंपनीचा माणूस घरी आलाय, अडीच लाख लगेच देतो म्हणतोय. घेऊ का?

कुठल्या कलमाखाली देतोय ते लेखी मागा. कलम १६४ खाली चूक कुणाची हे सिद्ध न करता गंभीर दुखापतीला अडीच लाख आणि मृत्यूला ५ लाख मिळतात, पण ठरलेल्या पद्धतीने ते स्वीकारले की न्यायाधिकरणातला मोठा दावा संपतो. ज्याचं हाड जुळलं, जो कामावर परत गेला, त्याला ते परवडेल पण. ज्याचा हात कायमचा गेला त्याला नाही.

लोकअदालतीत तडजोड चांगली होते, वर्षं वाचतात, पण तिथल्या निवाड्यावर अपील नाही, म्हणून आकडा आधी घरी बसून मांडा आणि मग जा.

वकील म्हणतो फी नको, मिळतील त्यातले ३० टक्के द्या.

हे सर्रास चालतं आणि हे नियमबाह्य आहे. बार कौन्सिलच्या नियमानुसार निकालावर अवलंबून फी ठरवता येत नाही, रकमेत वाटा घेता येत नाही, २०१७ ला सुप्रीम कोर्टाने पण हेच सांगितलंय. फी आकड्यात ठरवा, पावती घ्या. पैसे नसतील तर जिल्हा कोर्टातल्या विधी सेवा प्राधिकरणात जा, महिला, अनुसूचित जाती-जमाती, दिव्यांग आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो.

लोकलमधून पडलं तर हेच कोर्ट?

नाही, रेल्वे क्लेम्स ट्रिब्युनल वेगळं आहे. मृत्यूला ८ लाख, मुदत एक वर्ष. पडलेल्या माणसाजवळ तिकीट सापडलं नाही तरी तेवढ्यावरून दावा जात नाही, पास होता हे घरच्यांनी शपथेवर सांगता येतं. रूळ ओलांडताना झालेल्या अपघाताला मात्र हे लागू नाही.

दावा चालू असताना जखमी माणूस दुसऱ्याच आजाराने गेला तर?

वारस पुढे चालवू शकतात, नव्या दुरुस्तीत तसं स्पष्ट लिहिलंय. वारसांची नावं लावायचा अर्ज लगेच द्या.

निकाल लागला, मग पैसे लगेच मिळतात का?

कंपनीला ९० दिवसांत हायकोर्टात अपील करता येतं. अर्जाच्या तारखेपासून व्याज सहसा मिळतं, त्यामुळे उशीर झाला तरी रक्कम वाढत असते. पैसे कोर्टात जमा होतात आणि लहान मुलांचा किंवा फार न शिकलेल्या माणसाचा हिस्सा कोर्ट बरेचदा एफडीत ठेवायला सांगतं. दाजींच्या पण रकमेचा काही भाग तसाच आहे, त्यांना आधी राग आला होता, माझेच पैसे आणि मलाच नाही. पण उरलेल्यातून प्लायवूडचं छोटं दुकान टाकलं आणि एफडीच्या व्याजात घरखर्चाला हातभार लागतो. मुदतीआधी त्यातले पैसे हवे असतील, उपचाराला, मुलांच्या शिक्षणाला, तर त्याच न्यायाधिकरणात अर्ज करता येतो, अर्जासोबत हॉस्पिटलचं एस्टिमेट किंवा कॉलेजचं फीचं पत्र जोडा आणि बँकेच्या एफडीच्या पावतीची झेरॉक्स विसरू नका, नाहीतर तेवढ्यासाठी पुढची तारीख पडते.